यज्ञेश्वरपंतांची उजवी नाकपुडी

यज्ञेश्वरपंत तपकिरीची चिमूट नेहमी आधी डाव्या नाकपुडीला लावत. त्या सोमवारी ती आधी उजवीला लागली. समोरच्या पानाच्या दुकानातून दत्तोबाने हे पाहिले आणि लगेच चावडीवर कळवले.

दत्तोबा सरकारी नजरबाज. दुकान हे सोंग. शिंदे आणि होळकर यांच्यात जुंपली होती, आणि बुधवार पेठेतले पंत कोणत्या बाजूचे हे वर्ष उलटले तरी ठरत नव्हते. खुद्द पंतांचेही ठरले नव्हते. चावडीने विचारपूर्वक अर्थ लावला: डावी नाकपुडी शिंद्यांची, उजवी होळकरांची. अर्थात पंत फुटले.

ही गुप्त बातमी दुपारपर्यंत पेठभर झाली. फुटलेला माणूस परत येतो का ते पाहायला शिंद्यांनी अत्तरवाला अल्लाबक्ष बसवला. आलेला माणूस टिकतो का ते पाहायला होळकरांनी गेनबा ज्योतिषी धाडला. दत्तोबासकट या तिघांवर लक्ष ठेवायला सरकारने फुलवाली सोजरबाई नेमली. या गर्दीला बिचकून खरी गिऱ्हाइके आळीत येईनाशी झाली. राहिले एकटे पंत. चौघांची अब्रू राखायला ते रोज पान खात, अत्तर लावत, फुले नेत आणि भविष्य ऐकून घेत.

मग पंतांना पडसे झाले. तपकीर बंद, बातम्या बंद. चावडीने हुकूम काढला की आज दिवेलागणीपर्यंत पंतांची बाजू कळली नाही, तर दत्तोबाची रवानगी किल्ल्यावर. तिथे पान मिळत नव्हते. माणसे मोजकीच, आणि तीही सगळी खरी.

सोजरबाईने सुचवले की पंतांनाच विचारावे. संशयिताला थेट विचारण्याचा रिवाज खात्यात नव्हता, त्यामुळे हे सुचायला वर्ष लागले. दत्तोबा पंतांच्या ओट्यासमोर उभा राहिला. मागे तिघे आपापला माल घेऊन आले. वरच्या माड्यांच्या खिडक्या, ज्यांना कोणीच नेमले नव्हते, त्याही किलकिल्या झाल्या.

"पंत, आपण कोणाचे?"

आतून पंतांच्या पत्नी मंदाकिनीबाई म्हणाल्या, "अहो, सांगून टाका एकदाचं. रोजची एवढी फुलं मी ठेवू कुठे?"

पंतांनी नाक पुसले. चौघांकडे पाहिले, मग सावकाश खिडक्यांकडे.

"वरच्यांनीही नीट ऐका, बिनपगारी कामात चूक नको. ज्या बाजूने माझ्यावर नजर ठेवलेली नाही, त्या बाजूचा मी. दत्तोबा, ती बाजू शोधा. सापडेपर्यंत तुमची नेमणूक पक्की."