पाट्याचं तिकीट

येळवस, शेतातल्या पूजेची अमावास्या, चार दिवसांवर आली आणि केशरबाईंचा वाटणाचा दगडी पाटा घरातून गायब झाला. वरवंटा तेवढा कोपऱ्यात एकटा पडलेला.

"पाथरवटाकडं टाकी लावायला दिलाय, आत्याबाई," सून वृषाली म्हणाली.

"मला न इचारता? आन् सतरा भाज्यांच्या भज्जीचं वाटण कशावर करू, तुझ्या मोबाइलवर?"

वृषालीनं विषय बदलला. तिचा भाऊ योगीराज येरमाळ्यात टीव्हीवरच्यासारखा प्रश्नांचा खेळ ठेवणार होता. बक्षीस मिक्सर. "तुमीच बसा खुर्चीवर. तुमच्यापुढं कोण टिकतंय?"

हे मात्र खरंच होतं. दोघी ढोकीहून एसटीनं निघाल्या.

मांडवात योगीराज चमकीचा कोट आणि काळा चष्मा घालून उभा. "पहिला प्रश्न! येळवशीला काय करतात? अ, भज्जी. ब, श्रीखंड. क..."

"भज्जी. पुढचं बोल."

"घाई न्हाय, मावशी! उत्तर बरोबर का चूक... बघू या ब्रेकनंतर!"

"टीव्ही न्हाय, काय न्हाय, कशाचा रं ब्रेक?"

ब्रेक योगीराजच्याच मोबाइल दुकानाच्या जाहिरातीचा होता. तोवर ढोलकीवाला माणिकप्पा ढोलकी बडवत राहिला. केशरबाईंना इकडंतिकडं बघण्यावाचून काम उरलं नाही. शेजारच्या टेबलावर लाल कापड होतं आणि त्याखालून दगडाचा कोपरा डोकावत होता. टवका उडालेला.

तो टवका त्यांनी अंधारातही ओळखला असता. लग्नानंतरच्या पहिल्या चैत्रात मालकांनी इथल्याच जत्रेतून पाटा घेतला आणि एसटीत चढवताना पायरीवर आपटला. कंडक्टरनं दोघांची पूर्ण तिकिटं फाडली, पाट्याचं अर्धं. "लेकरूच समजा," मालक हसून म्हणाले आणि घर येईपर्यंत त्यांनी तो मांडीवरून उतरवला नाही. मालक जाऊन आता नऊ वर्षं झाली.

"उत्तर बरोबर! आता बोला मावशी, मिक्सर का कापडाखालचं गुप्त बक्षीस?"

"मिक्सर!" मांडव ओरडला. वृषालीचा आवाज सगळ्यांच्या वर.

"कापडाखालचं."

"पुन्ना इचार करा. पस्तावाल."

"म्या कशाला करू? तूच कर, कुणाच्या घरातनं उचललंस त्याचा."

योगीराजनं काळा चष्मा काढला. कापड उचललं. पण सवय जाईना, माईक पुढं आलाच. "क-कसं वाटतंय, मावशी? जरा डोळ्यांत पाणी आणा, फोटो काढायचाय."

"पाणी तिच्या डोळ्यांत बघ, मिक्सर हुकला तिचा," केशरबाईंनी सुनेकडं बोट दाखवलं. पदर मात्र स्वतःच्याच डोळ्यांना लावला.

परतीच्या एसटीत पाटा वृषालीच्या मांडीवर होता. कंडक्टर म्हणाला, "बायांना अर्धं तिकीट हाय, आजी. दगडाचं मात्र पूर्ण लागंल."

वृषाली भांडायला तोंड उघडणार, तोच केशरबाईंनी कनवटीची नोट काढली.

"फाडा पूर्ण. लेकरू मोठं झालंय आता."