आडवा सात

सापगावात नथूच्या सलूनमध्ये दैनिक 'तानसातीर'चा एकच अंक यायचा. बातम्या कोणीही वाचाव्यात, निधनवार्ता कोणीही वाचाव्यात, पण शेवटच्या पानावरच्या शब्दकोड्याला दामूअण्णांच्या आधी पेन लावायची कुणाची छाती नव्हती. पेन तसं नथूचं होतं, आरशाच्या खिळ्याला सुतळीने बांधलेलं. मान मात्र अण्णांचा होता.

अण्णा भातसानगरला धरणाच्या स्टोअरमधून निवृत्त झाले होते. नोकरीभर दुसऱ्यांच्या चुका काढल्या, त्याची सवय पेन्शनीत कुठे जाणार? ते कोडं नुसतं सोडवत नसत, त्याची झडती घेत असत. सोडवायला त्यांना एक चहा पुरे. मग दुसरा चहा येईपर्यंत कोडं रचणाऱ्या अज्ञात इसमाचा उद्धार चाले.

"एक नदी, दोन अक्षरी," अण्णा चष्म्यावरून सगळ्यांकडे बघत वाचायचे. "काळू दोन अक्षरी, गंगा दोन अक्षरी, तापी दोन अक्षरी. ह्या माणसाला नेमका कुठल्या नदीत बुडवायचा?"

"काळूतच बुडवा, जवळ पडंल," काळूराम म्हणायचा. काळूराम मुरबाड डेपोत कंडक्टर होता. दुपारची ड्यूटी असली की त्याची सकाळ नथूच्या बाकड्यावर जायची, आणि अण्णांचा तो पट्टशिष्य होता.

"एका प्रश्नाला एकच उत्तर पाहिजे, काळूराम. नाहीतर त्याला कोडं म्हणू नये." हा अण्णांचा कायदा होता. तो त्यांनी इतक्या वेळा सांगितला होता की नथू गिऱ्हाइकाच्या मानेवर वस्तरा फिरवताना तो पुटपुटायचा.

हे एवढ्यावर राहतं तर बरं होतं. पण अण्णांना पोस्टकार्डांचा नाद होता. रोजची टीका ते संपादकांना कळवू लागले. 'तानसातीर'चे संपादक शहापुरात एका छापखान्याच्या मागच्या खोलीत बसत. पुढच्या खोलीत लग्नपत्रिका छापल्या जात आणि उरलेल्या वेळात दैनिक. एका उन्हाळ्यात कोडं करणाऱ्या माणसाची नाशिकला बदली झाली, तेव्हा संपादकांनी अण्णांना बोलावून घेतलं आणि शांतपणे सांगितलं, "उद्यापासून कोडं तुम्ही करायचं. एवढं सगळं तुम्हाला कळतं, तर आम्हाला तरी सुटका मिळू दे."

अण्णा हरखले. पण लगेच त्यांच्या डोळ्यांसमोर नथूचं बाकडं आलं. उद्या कोडं आपलंच असलं तर नावं कुणाला ठेवायची? आणि दुसऱ्या कुणी ठेवली तर? त्यांनी एकच अट घातली. कोड्यावर नाव छापायचं नाही आणि कोणालाही सांगायचं नाही. संपादकांनी ती आनंदाने मान्य केली.

घरी फक्त बायकोला कळलं, कारण तिच्यापासून काही लपत नव्हतं. भागीरथीबाई तांदूळ निवडता निवडता त्यांच्या चौकटी बघायच्या.

"सांगा की लोकांना. चोरी थोडीच करताय?"

"तू गप गो. लोकांना आधी कोडं आवडू दे. मग बघू."

खरी गोष्ट अशी की, अण्णांना एक दिवस तो चमत्कार व्हायला हवा होता. नथूच्या दुकानात कोणीतरी पेपर खाली ठेवून म्हणावं, "आजचं कोडं झकास जमलंय." मग आपण हळूच, अगदी सहज, सांगावं. ह्यासाठी ते जीव तोडून मेहनत करत होते.

अडचण पहिल्याच दिवशी आली. अण्णांनी पेन उचललं आणि सवयीने झरझर घरं भरली. नथू आरशातून बघत होता.

"अण्णा, तुमी प्रश्न वाचलेच नाय."

अण्णांचा हात थबकला. "वाचले की. मनात."

दुसऱ्या दिवसापासून त्यांनी मुद्दाम वेळ लावायला सुरुवात केली. आपणच लिहिलेल्या प्रश्नाकडे कपाळाला आठ्या घालून बघत बसायचं, पेनाचं टोपण चावायचं, छताकडे पाहायचं. ह्याचा परिणाम असा झाला की आठवड्याभरात गावात बोलवा पसरली, अण्णांचं डोकं पहिल्यासारखं चालत नाही. काळूराम कीव येऊन उत्तरं सुचवू लागला. स्वतःच्या कोड्याची उत्तरं काळूरामकडून ऐकून घ्यायची आणि वर "शाबास" म्हणायचं, ही शिक्षा अण्णांनी निमूट सोसली.

त्यात टीका थांबवून चालण्यासारखं नव्हतं. अण्णा गप्प राहिले की लोक विचारायचे, "आज कोडं बरं हाय काय?" आणि हो म्हणायचा धीर त्यांना होत नसे, कारण आपणच आपली पाठ थोपटली असं त्यांचं त्यांना वाटे. मग ते काहीतरी दोष काढत. आपल्या कोड्यातला दोष आपल्याइतका कुणाला माहीत असणार? त्यामुळे टीका पूर्वीपेक्षा धारदार होऊ लागली. बाकड्यावरची मंडळी खूश होती. "हा नवा मानूस जुन्यापरीस बेकार हाय," असा निकाल काळूरामने श्रावण संपायच्या आत देऊन टाकला. अण्णांना त्या दिवशी जेवण गेलं नाही.

"कुनी नावं ठेवली?" भागीरथीबाईंनी विचारलं.

"सगळ्यांनी."

"सुरवात कोनी केली?"

अण्णांनी ताटातली भाकरी उगाच मोडली.

अशात दिवाळी झाली. शिवारात भात कापून खळ्यावर आलं आणि गावभर झोडणीचा दणका सुरू झाला. त्या दिवसांत एका सकाळी कोड्यात आडवा सात आला, 'भातशेतीतले एक काम, तीन अक्षरी'. उभ्या शब्दातून शेवटचं अक्षर तेवढं मिळत होतं, णी.

"झोडणी," कमळू म्हणाला. तो थेट खळ्यावरून दाढी करायला आला होता आणि त्याच्या केसांत अजून पेंढा होता. "लिवा अण्णा, झोडणी."

"कापनी कशाला नाय?" काळूराम म्हणाला. "कापल्याबिगर काय झोडशील?"

"मंग पेरणीनं काय घोडं मारलंय?" नथूने कात्री थांबवली. "पेरल्याबिगर कापशील काय?"

खुर्चीत बसलेलं गिऱ्हाईक गळ्यातल्या फडक्यासकट वळलं आणि म्हणालं, "मळणी." बाहेर सायकल टेकवून उभा असलेला दूधवाला म्हणाला, "बेणणी." बेणणी म्हणजे भातातलं तण काढणं, आणि ते काम बायकांचं की पुरुषांचं ह्यावर एक वेगळंच भांडण पेटलं. ज्याच्या त्याच्या घरी जे काम निघालं होतं, किंवा ज्या कामाने ज्याची कंबर गेली होती, ते त्याला एकमेव उत्तर वाटत होतं. अण्णा पेन हातात धरून घामाघूम झाले होते. उत्तर होतं 'आवणी'.

ते कोडं त्यांनी आषाढात रचलं होतं. बाहेर पाऊस, समोरच्या खाचरात गुडघाभर चिखलात बाया आवणीची रोपं लावत होत्या, आणि ते बघता बघता अण्णांनी लिहिलं होतं. त्या वेळी आवणीशिवाय भातशेतीत दुसरं काम असतं हे त्यांच्या मनातही आलं नाही. पावसात शहापूरला खेपा नकोत म्हणून त्यांनी कोड्यांचा गठ्ठाच देऊन ठेवला होता, आणि संपादक हाताला येईल ते छापत होते.

दुसऱ्या दिवशी उत्तर छापून आलं.

"आवणी?" कमळूचा आवाज चढला. "दिवाळी झाल्यावर आवणी कोन करतं? ह्याच्या बापानं केली होती?"

अण्णांचे वडील हयातभर आवणीच करत आले होते, पण ते सांगायची सोय नव्हती.

"अण्णा, तुमीच सांगता ना, एका प्रश्नाला एकच उत्तर," काळूराम बाकड्यावरून उठला. "बास झालं. आपन संपादकाकडं जाऊ. हा मानूस काढायलाच पायजे. आनि बोलायला पुढं तुमी."

नको म्हणायला अण्णांनी तोंड उघडलं. कंबर दुखते, पेन्शनीचं काम आहे, बघू पुढच्या आठवड्यात, सगळं सांगून झालं. पण कमळू झोडणी टाकून आणि नथू दुकान बंद करून यायला तयार होता. तेव्हा अण्णांना कंबरेचं कारण पुरेना. शहापूरच्या जीपमध्ये मागच्या बाजूला चौघे कोंबून बसले. संपादक बाहेरगावी गेलेले असोत, असा नवस अण्णांनी वाटेतल्या प्रत्येक देवळाला बोलून टाकला.

संपादक जागेवरच होते. कुणाच्या तरी लग्नपत्रिकेचं प्रूफ तपासत होते. त्यांनी आधी अण्णांकडे पाहिलं, मग मागच्या तिघांकडे, आणि बोलायला तोंड उघडलं.

"आम्ही कोडं करणाऱ्याची तक्रार घेऊन आलो आहोत," अण्णा घाईघाईने म्हणाले. "तो कोण आहे हे आम्हाला सांगायची काही गरज नाही."

संपादकांनी चष्मा काढून पुसला. लग्नपत्रिकांच्या धंद्यात त्यांनी एकाच मांडवातली दोन भांडणारी घरं पुष्कळ सांभाळली होती. "बसा," ते म्हणाले. "काय तक्रार आहे?"

तक्रार कमळूने सांगितली. नथूने पुरवणी जोडली.

"मानूस कसा हाय तो?" काळूरामने विचारलं.

"कसा म्हणजे," संपादक सावकाश म्हणाले, "अक्षर गिचमिड. हट्टी. एक काना इकडचा तिकडे करू देत नाही. आणि दर आठवड्याला पोस्टकार्ड टाकून विचारतो, कोड्याबद्दल कोणी काही चांगलं म्हणालं का?"

"आनि तुमी काय सांगता?"

"अजून कोणी म्हटलेलं नाही, असं सांगतो."

कमळू खो खो हसला. अण्णाही हसले. त्यांना हसावंच लागलं, पण आतून फार वाईट वाटलं. त्या गठ्ठ्याचा क्रम तुम्हीच उलटापालटा केलात, असं त्यांच्या जिभेवर आलं होतं. ते गिळून ते भिंतीवरच्या गणपतीकडे बघत राहिले.

"त्याला काढा," काळूराम म्हणाला, "आनि आमच्या अण्णांना द्या कोडं. आख्ख्या तालुक्यात यांच्यासारखा जानकार नाय."

संपादकांनी गंभीर चेहऱ्याने विचार केल्यासारखं केलं. "ठीक आहे. त्या गृहस्थांना आजपासून रजा. अण्णा, उद्यापासून तुम्ही. आणि ह्या वेळी नाव छापणार."

गावात नथूने पेढे वाटले. अण्णांनी घरी येऊन बातमी सांगितली, तेव्हा भागीरथीबाई चुलीपुढे बसून हिशेब लावू लागल्या.

"म्हंजे तुमाला काढलं आनि तुमालाच घेतलं?"

"हळू बोल जरा."

"मंग पेढे कशाचे?"

छापील नावाचा आनंद मोठा होता. त्यांनी रात्रीचं जेवण लांबवून नवीन कोडं रचलं. एकेक प्रश्न घासूनपुसून घेतला, एकाला एकच उत्तर राहील असा. खाली ठळक अक्षरांत छापून आलं, 'रचना : दामूअण्णा, सापगाव'.

त्या सकाळी अण्णा धुतलेला सदरा घालून सलूनमध्ये गेले आणि सवयीने पेनाकडे हात नेला.

"तुमी कसं सोडवनार?" काळूराम म्हणाला. "कोडं तुमचंच. द्या इकडं." त्याने सुतळीसकट पेन आपल्याकडे ओढलं आणि अण्णांच्या जागेवर, आरशाला लागून, ऐसपैस बसला. अण्णांना काय करावं सुचेना, म्हणून ते खुर्चीत दाढीला बसले. नथूने फेस लावला. मागे काळूराम पेनाचं टोपण चावत, कपाळाला आठ्या घालून बसला होता. अण्णा आरशातून त्याचा चेहरा वाचत होते. आता म्हणेल, आता म्हणेल.

काळूरामने पेपर खाली ठेवला. "अण्णा, राग मानू नका. पन तुमीच शिकवलंय, खरं ते बोलायचं."

"बोल की."

"ह्यात मजा नाय. सगळं कसं धुऊन ठेवल्यावानी. भांडायला कायच नाय." तो कमळूकडे वळला. "पयला बरा होता."

"व्हय," कमळू म्हणाला. "आवणीच्या वक्ताला कसलं रान पेटलं होतं. माझी बायको अजून म्हनते, बेणणीच बरोबर. तसलं कोडं पायजे. तो मानूस झकास होता."

नथूचा वस्तरा हवेत राहिला, कारण अण्णांच्या डोळ्यांत पाणी होतं.

"लागलं काय, अण्णा?"

"नाही रे. फेस गेला." अण्णांनी बाहीने डोळे पुसले. सहा महिने ज्या शब्दासाठी ते झुरले होते तो मिळाला होता, आणि तो आपल्यालाच मिळालाय हे त्या दुकानात एकट्या त्यांनाच कळत होतं. त्यांना इतका आनंद झाला की तोंड बंद ठेवणं कठीण झालं.

"माजं ऐका," काळूराम चाचरत म्हणाला. "आपन पुन्ना संपादकाकडं जाऊ. त्या जुन्या मानसाला परत घ्या म्हनून सांगू. तुमचं मन मोडतंय, माहीत हाय मला. पन त्यात तुमचाबी फायदा हाय. पेन परत तुमच्याकडं. नावं ठेवायला तुमी मोकळे."

"बोलायला पुढं कोन होनार?" नथूने विचारलं. "मानूस परवाच बदलून दिलाय, संपादक चिडंल."

सगळ्यांनी अण्णांकडे पाहिलं. अण्णा खुर्चीतून उठले. एक गाल साफ झाला होता आणि दुसऱ्यावर फेस तसाच होता. गळ्यातलं फडकं सोडून त्यांनी नथूच्या हातात दिलं आणि दाराशी जाऊन चपला पायात सरकवल्या.

"जीप किती वाजता आहे?" त्यांनी विचारलं.