रघुवीररावांचा निरोपाचा सीन

मूकपटात काम केलेला माणूस एरवी किती बोलू शकतो, हे बघायचं असेल तर इंदूरच्या रघुवीररावांना एकदा भेटाच! नोकरी मध्यभारत सरकारच्या कचेरीत, पण बोलणं सगळं सव्वीस सालच्या त्या एकुलत्या एका मूकपटाचं. त्यात ते राजा झाले होते. लेकीला सासरी पाठवताना राजा रडतो, त्या सीनला म्हणे अख्खं थेटर हुंदके देत होतं. "कंपनी पाय धरत होती हो," ते सांगत, "पण आमच्या सरोजिनीसाठी मी कलेवर पाणी सोडलं!" हे ऐकून सरोजिनीबाई पंचवीस वर्षं न चुकता लाजत आल्या होत्या.

त्यांच्या कुमुदिनीचं महूच्या एका प्रोफेसरांशी जमत आलं होतं. मुलगा-मुलगी राजी, घोडं अडलं होतं ते मुलाच्या आईपाशी. इंदुमतीबाईंना विषमज्वरात ठार बहिरेपण आलेलं. "गोड तर सगळेच बोलतात," त्या म्हणाल्या, "माणसं खरी आहेत का ते बघते, मग होकार."

"बघतेच म्हणाल्या ना? मग दाखवू!" रघुवीरराव उसळले. "ज्यांना ऐकू येत नाही त्यांच्यासाठीच तर माझी कला! सीन संपायच्या आत होकार येतो, लिहून ठेवा!"

"पण बाबा, त्या आपल्या ओठांकडे बघून..." कुमुदिनी म्हणाली.

"तू गप गं! तुला काय कळतंय अभिनयातलं?"

झालं! ट्रंकेतली रिळं निघाली. थेटरातला ऑपरेटर उदयसिंह हातानं फिरवायचं जुनं मशीन घेऊन आला. रविवारी भर दुपारी खिडक्यांवर सतरंज्या टांगल्या, भिंतीला चादर ठोकली, महूची मंडळी पोहे खाऊन ओळीनं बसली.

"देखो भिया, फिल्म अटक-अटक के चलेगी," उदयसिंहानं बजावलं.

"चलने दो! मेरे आंसू नहीं अटकेंगे!"

चादरीवर तरणेबांड रघुवीरराव उमटले. समोर शालू नेसलेली राजकन्या, म्हणजे कंपनीतला पांडू. राजानं तिला छातीशी धरलं, ओठ थरथरले, डोळे भरून आले. सरोजिनीबाईंनी पदर डोळ्यांना लावला आणि इंदुमतीबाई खो खो हसत सुटल्या!

"अहो, करुण रस आहे हा!" रघुवीरराव ओरडले. पण अंधारात त्यांचे ओठ दिसणार कसे? इंदुमतीबाईंना दिसत होते फक्त चादरीवरचे!

"काय म्हणतायत बघा," त्या खणखणीत आवाजात म्हणाल्या. "'पांडू, मेल्या, माझ्या खांद्याला नाक पुसू नकोस!'"

"आई ओठ वाचतेय," प्रोफेसरांनी खुलासा केला. "आवाज नसायचा ना, तेव्हा मंडळी तोंडाला येईल ते बोलत असणार."

सगळी खोली हसली. रघुवीररावही हसले आणि मध्येच थांबले. पुढे आपण काय बोललो होतो ते त्यांना आठवलं! ते धावले आणि हात पसरून चादरीपुढे उभे राहिले.

"बंद करो, उदयसिंह!"

"भिया, हटो तो! चेहरा आपके पेट पे आ रहा है!"

खरंच, पांढऱ्या सदऱ्यावर, सुटलेल्या पोटावर, सव्वीस सालचे रघुवीरराव भडाभडा बोलत होते. इंदुमतीबाई पोटावरून वाचू लागल्या, "'रडून घे पांडू. उद्यापासून मी नाही. कंपनीनं काढलंय मला! इंदूरला मुलगी बघायला चाललोय. नाक बसकं आहे म्हणतात, पण बाप नोकरी लावून देणार आहे!'"

रीळ संपलं. कुणीतरी सतरंजी ओढली. लख्ख उजेडात सगळ्यांच्या नजरा सरोजिनीबाईंच्या नाकावर! लग्न मोडलं असं समजून कुमुदिनी रडायच्या बेतात आली.

इंदुमतीबाईंनी हसून हसून आलेलं पाणी पुसलं. "आमचा होकार आहे हो! व्याही खरं बोलतात, फक्त आवाज बंद करून बघावं लागतं!"

कुमुदिनीनं वाकून त्यांच्या पाया पडून घेतलं. रघुवीररावांच्या जिवात जीव आला. "बघितलंस? जमलं की नाही माझ्या अभिनयानं?" ते बायकोला म्हणाले.

सरोजिनीबाईंनी सतरंजी पुन्हा खिडकीवर टांगली, इंदुमतीबाईंना खेटून बसल्या आणि म्हणाल्या, "उदयसिंहजी, पेटी में और एक डिब्बा है ना? वो भी लगाओ!"

रघुवीरराव मटकन खाली बसले. त्या डब्यात राजा राणीच्या महालात जातो तो सीन होता, आणि राणी काही पांडू नव्हता!