मुक्या सिनेमाचं भाषण

चंपतरावांनी दुपारी चारलाच दुकानाचं शटर ओढलं, तेव्हा भीमपुरात कोणी तरी गेलं असावं असंच लोकांना वाटलं. पण चंपतरावांच्या अंगावर कडक इस्त्रीचा सदरा होता. त्यांची मयूरी दिल्लीच्या एका परिषदेत मुख्य भाषण करणार होती आणि ते पाच वाजता मोबाइलवर दिसणार होतं. शंभर वर्षांपूर्वीच्या मुक्या सिनेमांनी माणसांचं जगणं कसं बदललं, यावर ती पंधरा वर्षं अभ्यास करत होती.

चंपतरावांनी हे फक्त तिघांना सांगितलं होतं. आले तीस. मोबाइल पुरेना म्हणून टीव्ही लावला, अंगण भरलं म्हणून मोबाइल दुकानवाल्या संतोषनं प्रोजेक्टर आणला. समाजमंदिराच्या खिडक्यांना पोती लागली, भिंतीवर चंपतरावांच्या बायकोची, लक्ष्मीबाईंची नवी चादर चढली आणि भजनी मंडळाचा स्पीकर आला. पाचला तिथं दोनशे माणसं होती. पुढच्या खुर्चीत सरपंच पांडुरंगराव.

चादरीवर मयूरी उभी राहिली. टाळ्या पडल्या. तिनं तोंड उघडलं आणि त्याच क्षणी विजेचा दाब एकदम वाढला. स्पीकरमधून 'भप्प' झालं, जळका वास सुटला.

"काका, बॉक्स जळला," संतोष कुजबुजला.

"आवाज काऊन नाही येऊन राह्यला?" पांडुरंगरावांनी मागं वळून विचारलं.

चंपतरावांच्या कपाळावर घाम आला. पण लेकीचा दिवस होता. ते सरळ चादरीजवळ जाऊन उभे राहिले.

"सरपंचसाब, भाषण मुक्या सिनेमावर हाय. ते मुकंच रायते!"

"बरं बाप्पा. पण समजन कसं?"

"मी हाओ ना!"

तेवढ्यात चादरीवर जुन्या सिनेमातला एक मुकुटवाला आला. चंपतरावांनी घसा साफ केला. "हा राजा. यानं बायकोचं आयकलं नाही, म्हणून राज्य गेलं." बायका खूश. पुढच्या चित्रात एक बाई रडत होती. "हे राणी. कापसाचा भाव आयकून रडून राह्यली." समाजमंदिर हसून फुटायचं बाकी राहिलं. चाळीस मिनिटं चंपतराव बोलले. शेवटी राजाराणीचं त्यांनी पुन्हा लग्न लावून दिलं, तेव्हा म्हातारे धोंडीबा डोळे पुसत होते.

"अजी, पोरगी तर इंग्रजीतच बोलून राह्यली असन," घरी येताना लक्ष्मीबाई म्हणाल्या. "आवाज असता तरी आपल्याले काय समजलं असतं?"

संध्याकाळी मयूरीचा फोन आला. चंपतरावांनी सगळं खरं सांगून टाकलं.

"पोरी, रागावली का व?"

"बाबा," मयूरी म्हणाली, "मुक्या सिनेमाच्या टायमाले पडद्याजवळ उभं राहून गोष्ट सांगणारा एक माणूस राहे. त्याच्यामुळंच लोकाईले सिनेमा समजला. माहं आख्खं भाषण त्याच माणसावर होतं. पण त्याचा आवाज मले आजपर्यंत कुठंच आयकाले भेटला नाही. संतोषदादानं तुमचं बोलणं रेकॉर्ड केलं का?"

"केलं ना. पण पोरी, ते लगन मी मनानंच लावलं."

"ते बी मनानंच लावत, बाबा!" मयूरी हसत म्हणाली.

दुसऱ्या दिवशी पांडुरंगराव साखर घ्यायला दुकानात आले.

"चंपतराव, भाषण झकास झालं. पण पोरीचा विषय नेमका काय होता म्हणा?"

चंपतरावांनी साखरेची पुडी बांधली, दोऱ्याला गाठ मारली आणि सहज सांगितलं,

"मीच."