पार्श्वभूमीतील भाताचे संमतिपत्र

कोणतीही संस्कृती नोंदवून ठेवल्याशिवाय टिकत नाही, हे सर्वमान्य सत्य आहे. नोंदवल्यावर ती टिकते का, याची आकडेवारी अद्याप उपलब्ध नाही.

म्हसळ्याजवळच्या एका गावातला छायाचित्रकार प्रज्योत गेली चार वर्षे रायगड किनाऱ्यावरील स्केटबोर्ड संस्कृती नोंदवत होता. सदर संस्कृतीची एकूण लोकसंख्या दोन. पैकी भावेशचा पाय प्लास्टरमध्ये असल्याने चालू लोकसंख्या एक, म्हणजे शेजारची प्राप्ती. तिला नोंदवणारे मात्र पाच जण होते (त्यातले तिघे नागावच्या होमस्टेमधूनच नोंद करीत).

प्रज्योतकडे तिचीच अकरा हजार छायाचित्रे जमली होती. बोर्ड काखेत मारून क्षितिजाकडे बघणारी प्राप्ती, नऊ हजार. आपटलेली प्राप्ती, उरलेली सगळी. समाजमंदिराच्या तीन पायऱ्यांवरून बोर्डासकट उडून खाली उभी राहिलेली प्राप्ती, शून्य. कारण ती अजून उभीच राहिली नव्हती. सोमवारी ती नोकरीला तळोज्याला निघणार होती. प्रदर्शन पंधरवड्यावर आले होते आणि मधोमधची चौकट त्या उडीसाठी राखून ठेवलेली. काय तो रविवार हातात होता.

त्या रविवारी समाजमंदिरासमोरच्या कोब्यावर मनुबाईंनी भात वाळत घातले होते. गावात गुळगुळीत कोबा तेवढाच, त्यामुळे भात आणि संस्कृती दोघांना तिथेच जागा. "चाकं भाताला लागली तर फळी चुलीत घालीन," एवढीच मनुबाईंची नियमावली होती.

प्रज्योत पडला नियमाने चालणारा कलावंत. (जो नियम कोणी केलेलाच नाही, तो आधी पाळावा, असे त्याचे मत.) भात चौकटीत येणार, तर भाताच्या मालकिणीची लेखी संमती नको? "मी सांगितल्याशिवाय उडू नकोस," असे प्राप्तीला बजावून तो मनुबाईंसमोर फतकल मारून बसला. कलम एक: धान्याचे नाव व वाण. कलम दोन: धान्य स्वेच्छेने उपस्थित आहे काय. (याच सुमारास प्राप्ती तीन पायऱ्या उडून बोर्डावर सरळ उभी राहिली.) कलम तीन: सदर धान्य पुढे शिजवले गेल्यास छायाचित्राच्या हक्कांना बाधा येणार नाही. कलम चार: अंगठा चालेल, शाई निळी.

"उडाली की रं पोरगी!" मनुबाई म्हणाल्या.

"कधी?"

"आत्ताच. तू खाली मान घालून वाचत व्हतास तवा."

प्रज्योतने हातापाया पडून पुन्हा एक उडी मागितली. प्राप्ती घामाने निथळत हसत होती. "न्हाय दादा. चार वर्षं नुसती पडले, आज जमलं. आधी भावेशला सांगून येते," म्हणाली आणि पळालीच. अकरा हजार छायाचित्रांत ती इतकी खूश कुठेच नव्हती. तो चेहराही निसटला, कारण प्रज्योतच्या हातात शाईचा पॅड होता. त्याला खरोखरच रडू आले.

प्रदर्शनात मधली चौकट रिकामीच लागली. खाली मनुबाईंच्या अंगठ्यासह संमतिपत्र. लोक सर्वांत जास्त वेळ तिथेच थांबले, आणि अभिप्रायाच्या वहीत एकाने लिहिले, "क्षण अचूक पकडला आहे."

वाचकहो, प्रज्योतला हसायला हरकत नाही. आता तो स्वतःही हसतो. फक्त चार वर्षांत एकदाच जमलेली ती उडी तुमच्याही डोळ्यांसमोर झाली होती, आणि तुम्ही भात शिजल्यावर हक्कांचे काय होते, ते वाचायला पुढे गेलात.