संज्ञी, असंज्ञी आणि बुडालेला दिवस

आदगोंडा सरांच्या मते जगात दोनच प्रकारचे जीव होते : संज्ञी आणि असंज्ञी. पहिल्या प्रकारात ते स्वतः होते. दुसऱ्या प्रकारात उरलेला पलूस तालुका होता!

शब्द काही सरांनी पाडलेला नव्हता. जैन शास्त्रातला जुना, बिचारा शब्द. ज्याला मन आहे, ज्याला शिकवलेलं, खुणावलेलं कळतं आणि हाक मारली की जो ओ देतो, तो संज्ञी. ज्याला हे जमत नाही, तो असंज्ञी. मुंगीला साखर कळते, पण ‘इकडे ये’ म्हटलेलं कळत नाही, म्हणून मुंगी असंज्ञी. म्हशीला कळतं, म्हणून म्हैस संज्ञी. तुम्हीआम्ही अर्थातच संज्ञी. शास्त्रकारांनी माणसांना सरसकट वरच्या वर्गात घालून विषय मिटवला होता. पण सरांनी चाळीस वर्षं मराठी शिकवलेलं! सगळ्यांना पास करणं त्यांच्या रक्तातच नव्हतं. त्यांनी माणसांचे पेपर पुन्हा तपासायला काढले आणि गावच्या गाव नापास करून टाकलं.

एसटीचा कंडक्टर असंज्ञी. गॅस सिलिंडर आणणारा असंज्ञी. मोबाइलवर रील बघत बसणारी पोरं तर असंज्ञींतही तुकडी क! आणि गंमत अशी, की शब्दाचा अर्थ कुणालाच ठाऊक नसल्यामुळे कुणी रागावतही नसे. ऐन ग्रामसभेत सर कडाडले होते, "भाऊसो, तुम्ही निव्वळ असंज्ञी आहात!" त्यावर भाऊसो सरपंचांनी वाकून हात जोडले. "सगळा तुमचा आशीर्वाद, सर!"

शाळेत सरांना थांबवायचा एकच उपाय होता, तो म्हणजे घंटा. हरिबा शिपाई सगळ्या शाळेसाठी एकदा टोल द्यायचा आणि मग सरांच्या वर्गाच्या दाराशी जाऊन खास दुसऱ्यांदा द्यायचा. मग मात्र सर शब्दाच्या मध्यावर थांबत, हात झटकत, "उरलेलं उद्या" म्हणत आणि बाहेर पडत. निवृत्तीला आता पाच वर्षं झाली होती. घंटा शाळेत राहिली आणि सर घरी आले!

त्याचा प्रसाद त्यांच्या मुलीला, दीपालीला मिळाला होता. तिची दोन स्थळं सरांच्या तोंडापायी गेली होती. पहिल्या स्थळाचा मामा ऐकता ऐकता झोपला आणि जागा होताच अपमान झाला म्हणून निघून गेला. दुसरं साताऱ्याचं होतं. ते चप्पल न शोधताच पळालं. त्यातली एक चप्पल अजून माळ्यावर आहे.

आजचं स्थळ मात्र घालवून चालणार नव्हतं. सम्मेद चौगुले दीपालीबरोबर शेती कॉलेजात होता, आता मेढ्याला कृषी खात्यात नोकरीला होता, आणि दोघांनी एकमेकांना कधीच पसंत केलं होतं. राहिला होता तो मोठ्यांचा होकार. मोठ्यांचा म्हणजे सम्मेदच्या आत्याचा, राजाक्कांचा. आई गेल्यावर त्यांनीच त्याला वाढवलेलं. इस्लामपूरजवळच्या त्यांच्या घरात राजाक्का मान हलवतील त्या बाजूला घर हलत असे. बाई नेमाच्या कडक! दिवस बुडाला की अन्न नाही, पाणी नाही. तसे सरही नेम पाळत, पण राजाक्कांचा नेम म्हणजे काळ्या दगडावरची रेघ.

सकाळपासून सरांच्या पत्नी चंदनबाला बजावत होत्या. "आवं, पावणं चारला येणार. थंडीचं दिवस, सहाला सूर्य गुल! पाचाला पानं वाढायची म्हंजे वाढायची. तुमी तीनच शब्द बोला. या, बसा, जेवा."

सर दुखावले. "मी काय असंज्ञी आहे? कुठे थांबावं ते मला कळतं! पाच मिनिटांत मुलगा संज्ञी आहे का बघतो आणि पानं वाढायला सांगतो. घड्याळ लावून!"

चंदनबालांनी पुरणाच्या गोळ्यावर जरा जास्तच जोराने लाटणं फिरवलं. सरांची पाच मिनिटं त्या तीस वर्षं ओळखत होत्या.

पाहुणे आले. सम्मेद, त्याचे वडील भूपाल आणि राजाक्का. चहा झाला. दीपाली येऊन बसली, चार प्रश्न विचारून झाले आणि साडेचारला सगळं ठरल्यातच जमा होतं. भूपालरावांनी तर स्वयंपाकघरातून येणारा वास घेऊन डोळे मिटले होते. पुरणपोळी आहे असं कळल्यापासून, म्हणजे सकाळी दहापासून, ते पोट रिकामं ठेवून बसले होते. या क्षणी सर गप्प बसले असते, तर जगाचं काय बिघडलं असतं? काही नाही!

"सम्मेद," सर म्हणाले, "एक छोटासा प्रश्न. संज्ञी म्हणजे काय?"

आत कुठेतरी झारा पडला.

सम्मेदला दीपालीने फोनवर आधीच तयार केलं होतं. पोराने घडाघडा सांगितलं, "ज्याला मन असतं तो. शिकवलेलं कळतं, हाकेला ओ देतो तो." बरोबर उत्तर दिलं की विषय संपतो, अशी त्या भाबड्याची समजूत होती. कृषी अधिकारी झाला, पण मास्तर ही जात त्याला कळली नव्हती! चुकीच्या उत्तराने तासभर गेला असता. बरोबर उत्तराने संध्याकाळ गेली. चाळीस वर्षांत सरांना पहिल्यांदाच बरोबर उत्तर मिळालं होतं. त्यांचे डोळे पाणावले.

"वा! आता खरं बोलता येईल," म्हणत सरांनी पाय वर घेऊन मांडी ठोकली.

मग त्यांनी मुंगीपासून सुरुवात केली. मुंगीवरून माशीवर, माशीवरून विंचवावर. पाच वाजले. दाराशी चंदनबालांच्या बांगड्या वाजल्या. सरांना वाटलं, हिलाही विषय आवडलेला दिसतो! ते आवाज चढवून विंचवाच्या नांगीत मन का नसतं ते सांगू लागले. बांगड्या पुन्हा वाजल्या. मग खोकला आला. मग "आवं" असं दोनदा ऐकू आलं. पण सर आता माशांपर्यंत पोचले होते आणि माशांना, त्यांच्या म्हणण्याप्रमाणे, हाक ऐकू जात होती.

भूपालराव खिडकीकडे बघू लागले. किती खोल विचारात गेलेत, असं वाटून सरांना त्यांच्याविषयी आदर वाटला. सम्मेदचं पोट गुरगुरलं. सरांनी तो होकार धरला.

भिंतीवर उन्हाचा एक पट्टा होता, तो वर वर सरकत होता आणि राजाक्कांचे डोळे त्याच्यामागे सरकत होते. एकदा त्यांनी खिडकीबाहेर पाहिलं आणि ओठांवरून जीभ फिरवली. एवढंच. दीपाली उठली, आत गेली आणि गाळलेल्या पाण्याचा तांब्या आणून मुकाट्याने त्यांच्यापुढे ठेवला. राजाक्कांनी तिच्याकडे जरा जास्त वेळ पाहिलं आणि पाणी पिऊन टाकलं. सर तेव्हा पोपटाच्या मनाविषयी सांगत होते.

इतक्यात गोठ्यातून म्हैस हंबरली.

"बघा!" सर आनंदाने ओरडले. "ही आमची राणी! रोज याच वेळेला हंबरते. का? कारण तिला कळतं की धारेची वेळ झाली, दिवस मावळायला आला! याला म्हणतात मन! घरात घड्याळ नसलं तरी चालेल, राणी पाहिजे!"

"दिवस मावळायला आला?" भूपालरावांनी आशेने विचारलं.

"आलाच की! पण मुद्दा तो नाही."

अशा माणसाचं काय करायचं, सांगा!

शेवटी शेजारचे नानासो दारात उभे राहिले. धार काढायला तेच येत. हातात कासांडी तशीच होती. "सर, दिस बुडाय लागलाय. पावण्यास्नी जेवाय घाला की! वैनी कवाधरनं हाका मारत्यात."

"नानासो, चर्चा चालू असताना मध्ये बोलू नये," सरांनी हात हलवला. नानासो मान हलवत गोठ्याकडे गेले. सर पाहुण्यांकडे वळून समजावणीच्या सुरात म्हणाले, "आमचे शेजारी. सगळी हयात मेंढरांमागे गेली. माणूस चांगला, पण असंज्ञी!"

खोलीत अंधारलं. दीपालीने आता शेवटचा उपाय केला. तिने खाटकन ट्यूबलाइट लावली. दिवा लागला म्हणजे दिवस गेला, एवढं तर कुणालाही कळेल!

"शाब्बास!" सर म्हणाले. "आता अक्षर दिसेल." आणि त्यांनी कपाटातून ग्रंथ काढला.

दीपाली मटकन खाली बसली. सम्मेदने तिच्याकडे पाहिलं, तिने सम्मेदकडे पाहिलं. मेढ्याचा संसार दोघांच्याही डोळ्यांदेखत बुडत होता. तिच्या डोळ्यांत टचकन पाणी आलं. ते आतून चंदनबालांनी पाहिलं आणि त्या बाईच्या डोक्यात एकदम हरिबा शिपाई उभा राहिला. त्यांनी पितळी ताट उचललं, लाटणं उचललं आणि सरांच्या कानामागे येऊन सगळा जोर लावला.

ठण्ण!

"...म्हणून मनाचं लक्ष—" सर थांबले. ग्रंथ मिटला. हात झटकले. "उरलेलं उद्या." मग भानावर येऊन ते हसतमुखाने म्हणाले, "चला, पानं घ्या!"

कुणी उठलं नाही.

राजाक्कांनी खिडकीकडे बोट केलं. पलीकडच्या उसावर अंधार बसला होता. "सर, दिवस बुडला."

सरांनी खिडकीकडे पाहिलं, ट्यूबलाइटकडे पाहिलं, आणि आयुष्यात प्रथमच त्यांना एखादी गोष्ट दुसऱ्याने सांगितल्यावर कळली. पाहुणे उपाशी! मुलीच्या पसंतीला आलेले पाहुणे, घरात पुरणपोळी असून उपाशी! आपल्याही पोटात दुपारपासून काही नाही, हे त्यांना तेव्हाच आठवलं.

"खरं म्हणजे शास्त्रात—" त्यांनी सुरू केलं. राजाक्कांनी हात वर केला.

"सर, हाकेला ओ देतो तो संज्ञी. बरोबर?"

"अगदी बरोबर!" सर आशेने पुढे सरकले.

"वैनींनी बांगड्या वाजवल्या, हाका मारल्या. शेजारी सांगून गेला. म्हशीनं सुदीक सांगितलं! तुमी कुणालाच ओ दिली न्हाई. शास्त्रात माणसाला नापास करत न्हाईत, म्हणून वाचलासा बघा!"

भूपालराव खोकले. सर जमिनीकडे बघू लागले.

"पर ही पोरगी," राजाक्का म्हणाल्या आणि त्यांचा आवाज उतरला, "मी पाणी मागितलंबी न्हवतं. नुसतं खिडकीकडं बघितलं, तर तांब्या घिऊन आली. हिला माणूस कळतंय. आमच्या घरात आणि काय पायजे? पोरगी पसंत हाय. लग्न सकाळच्या मुहूर्तावर, आणि..." त्यांनी चंदनबालांच्या हातातल्या ताटाकडे पाहिलं. "ते ताट रुखवतात मांडू नगा, वैनी. मांडवात तुमच्या हाताशी ठिवा."

चंदनबालांना हसावं की रडावं ते कळेना. त्यांनी दोन्ही केलं. सम्मेदने इतका मोठा सुस्कारा सोडला की कॅलेंडर हललं. आणि सरांना एवढा आनंद झाला, एवढा आनंद झाला, की तो दोन शब्दांत सांगितल्याशिवाय त्यांना राहवेना.

"राजाक्का, आनंद म्हणजे नेमकं—"

ठण्ण!

सर बसले.

पाहुणे हात जोडून उपाशी निघाले. उंबऱ्याशी भूपालराव क्षणभर थांबले आणि त्यांनी स्वयंपाकघराच्या दिशेने एक दीर्घ श्वास घेतला. "वासाला नेम आड येत न्हाई," असं पुटपुटत ते गाडीत बसले.

आता राहिला स्वयंपाक. घरच्यांना रात्री खायचं नव्हतं आणि सकाळी शिळं चालत नव्हतं. चंदनबालांनी पंचवीस पोळ्या, कटाच्या आमटीचं पातेलं आणि केळ्याची भजी उचलून सरळ नानासोंच्या घरी नेली. मेंढरांमागे हयात गेलेलं ते असंज्ञी घर एका हाकेत पंगतीला बसलं!

सर ओसरीवर पोट धरून बसले होते. भिंतीपलीकडून आमटीचे भुरके ऐकू येत होते, एकेक भुरका स्पष्ट. थोड्या वेळाने नानासोंचं तृप्त डोकं भिंतीवर उगवलं.

"सर, पोळी लय भारी! ते तुमचं संज्ञी-असंज्ञी परत कवा सांगणार हाय?"

सर एकदम सावरून बसले. अखेर या माणसाला गोडी लागली तर! "का हो नानासो, ऐकायचंय?"

"छ्या, छ्या! आदल्या दिशी तेवढं सांगा. म्हंजे आमी घरात चूल पेटवत न्हाई."