खोडलेल्या वाक्याचा तपास

देगलूरमधला सर्वांत गुप्त गुप्तहेर कोण, हे देगलूरमध्ये कुणालाही विचारा. बसस्थानकावरचे रिक्षावालेसुद्धा थेट सिद्धलिंगच्या दुकानापुढे आणून सोडतील. ‘सिद्धलिंग, आंतरतालुका गुप्तहेर’ ही पाटी त्याने एवढी मोठी रंगवून घेतली होती, की ‘मोबाईल दुरुस्ती’ला खाली जेमतेम कोपरा उरला. स्वतःबद्दल त्याचं मत फार माफक होतं: नजर तीक्ष्ण, डोकं थंड आणि मराठवाड्यात जोड नाही. नजरेला जाड चष्मा होता आणि डोकं दुपारी तापायचं, पण या बाबी तो तपासाबाहेर ठेवायचा. त्याने सोडवलेल्या प्रकरणांत एक शेळी होती, आणि तीही आपणहून घरी आली होती.

त्यामुळे कॉलेजात शिकवणाऱ्या विशाखा मॅडम दुकानात येऊन “चोरी झाली” म्हणाल्या, तेव्हा तो स्टुलावरून पडता पडता वाचला.

“काय गेलं, म्याडम?”

“वाक्य.”

प्रकरण असं होतं. ऑनलाइन ज्ञानकोशात, म्हणजे जिथे कुणीही लिहावं आणि कुणीही सुधारावं, तिथे ‘पीडितांवर होणारे परिणाम’ हा लेख मराठीत अगदीच तोकडा होता. विशाखा रोज रात्री जागून तो वाढवत होती. गेल्या वर्षी नांदेडच्या बसस्थानकावर तिची पर्स कुणीतरी हिसकावली होती. झोप उडणं, गर्दीत घाम फुटणं, हे सगळं लेखात आधीच होतं. तिला सगळ्यात जास्त लागलेली गोष्ट मात्र त्यात नव्हती. म्हणून तिने लिहिलं, ‘चोरी एकदाच होते; “तू तिथे गेलीसच कशाला” हे रोज होतं.’ आणि ‘मावळता सूर्य’ नावाचा कुणीतरी ते दर वेळी खोडत होता.

“एवढं एक वाक्य राहावं, भाऊ,” ती म्हणाली. “माझ्यासारख्या कुण्या बाईनं वाचलं तर तिला कळंल, आपलं डोकं फिरलेलं न्हाई.”

सिद्धलिंगने लगेच चौकशी सुरू केली. “पण असलं वाक्य लिहायचंच कशाला, म्याडम? कुणाशी वैर? आणि इतक्या उशिरा कशाला लिहून राहिल्या, दिवस थोडा हाय का?”

विशाखा नुसती बघत राहिली. तिच्या गप्प बसण्याची नोंद त्याने ‘संशयास्पद’ अशी घेतली.

पहिला निष्कर्ष चुटकीसरशी निघाला. सूर्य मावळतो पश्चिमेला, देगलूरच्या पश्चिमेला लातूर. सबब गुन्हेगार लातूरचा. दुसऱ्याच दिवशी तो लातूरला जाऊन सूर्यास्ताकडे टक लावून बघणारा इसम शोधू लागला. एक सापडलाही. झडप घातल्यावर कळलं, की तो पाण्याच्या टँकरची वाट बघत होता. शिक्षा म्हणून त्याने सिद्धलिंगला दोन घागरी उचलायला लावल्या.

कंबर धरून परतल्यावर दुसरा निष्कर्ष निघाला: खुद्द पर्सचोरच लाजेने पुरावा पुसतोय. चोराला एवढी लाज असती तर पर्स परत आली असती, असं विशाखा म्हणाली. मग सिद्धलिंगने आवाज खाली आणला.

“म्याडम, राग मानू नका. तुमचाच काही घोळ न्हाई ना? झोपेत खोडत असाल.”

विशाखा उठलीच. तेवढ्यात आतून चहा घेऊन त्याची माय, भामाबाई, आली.

“सिद्ध्या, जो खोडून राहिला, त्याला इचारलंस का?”

“गुन्हेगाराला इचारत्यात का, माय!”

विशाखा मात्र थबकली. तिने मोबाईलवर लेखाचं चर्चापान उघडलं आणि साधं विचारलं, ‘माझं वाक्य का काढता?’ चहा निवायच्या आत उत्तर आलं.

‘ताई, वाक्य खरं हाय. पण इथं अनुभव चालत न्हाई, संदर्भ लागतो. खोडताना दर वेळी तसं लिहिलंय. तुम्ही वाचलं न्हाई का? हा एका अभ्यासाचा दुवा घ्या, कामाला येईल. केरबा, मुरुड.’

“मुरुड! लातूर जिल्हा!” सिद्धलिंग ओरडला. कुणी लक्ष दिलं नाही.

विशाखा अभ्यास मोठ्याने वाचू लागली. पीडितांना नंतर सगळीकडे तेच तेच प्रश्न विचारले जातात: कशाला गेलात? कुणाशी वैर? इतक्या उशिरा कशाला? तुमचाच काही घोळ नाही ना?

सिद्धलिंगची छाती फुगली. “आरं, ही तर माझी तपासपद्धत! कुणी चोरली?”

“कवाचा हाय गं त्यो अभ्यास?” भामाबाईने विचारलं.

“वीस वर्षांपूर्वीचा.”

“तवा ह्यो पाचवीत दुसऱ्यांदा बसला होता.”

विशाखाने संदर्भ जोडून वाक्य ज्ञानकोशाच्या सरळ भाषेत पुन्हा टाकलं: ‘घटनेनंतर पीडितालाच दोष देणारे प्रश्न विचारल्यास त्रास वाढतो.’ या वेळी केरबाने एक वेलांटी तेवढी दीर्घ करून दिली. वाक्य राहिलं. सिद्धलिंगने ते चष्मा पुसून वाचलं, आणि लाजेने त्याचे कान तापले.

“म्याडम, माझे प्रश्न बी लई लागले का हो?”

“हाव.”

‘कसे काय?’ त्याच्या जिभेवर आलंच होतं. ते त्याने चहासोबत गिळलं. “सांगावं वाटलं तर सांगा. न्हाई तर नुसता चहा घ्या.”

विशाखाने चहा घेतला, स्टूल ओढलं आणि बसस्थानकावरचं सगळं सुरुवातीपासून सांगितलं. तिला मधे कुणी थांबवलं नाही, असं वर्षभरात पहिल्यांदाच घडलं.